मुंबई मंडळास खुलं पत्र: हद्द हात वर करून ठरत नाही

मंडळाचे अध्यक्ष भाऊजी, सेक्रेटरी, खजिनदार आणि वर्गणी भरणारे, न भरणारे सगळे मेंबर, सगळ्यांना गावाहून नमस्कार.

मुंबईला असलेल्या आपल्या वाडीकरांच्या मंडळाने सभेत केलेला ठराव ग्रुपवर वाचला. गणपतीला सगळे गावी येतील तेव्हा वाडीतल्या जमिनींचा निकाल मंडळाच्या सभेत बहुमताने लावायचा, सातबाऱ्यावर ज्याचं नाव त्याची जमीन, हद्द कुठे ते मोबाईलमधल्या नकाशावर बघायचं, आणि गौरी-गणपती बोळवले की लगेच चिऱ्याचं कंपाऊंड घालायला घ्यायचं. खाली अंगठ्यांची रांगच लागली होती. मी अंगठा दिला नाही, मला कुणी विचारलंही नाही, मंडळाच्या यादीत तसंही बायकांची नावं नाहीत. ग्रुपवर चार ओळी टाकल्या की त्यावर गुड मॉर्निंगची फुलं येऊन पडतात आणि विषय वर निघून जातो, म्हणून हे उघड पत्र. लांब झालंय, कोकणकन्येत बसल्यावर वाचा, म्हणजे बसायला मिळालं तर.

आधी सातबाऱ्याचं बोलते, कारण ठरावाची सगळी इमारत त्यावरच उभी आहे. सातबारा म्हणजे गाव नमुना ७ आणि १२ एकत्र, वर कब्जेदाराची नावं आणि इतर हक्क, खाली पीक. हा महसुलाचा कागद. सरकारने सारा कुणाकडून घ्यायचा यासाठी तो जन्माला आला, मालकी कुणाची हे ठरवायला नाही. जमीन महसूल कायद्यात कलम १५७ आहे, त्यात म्हटलंय की ही नोंद खरी धरायची, पण कुठपर्यंत, तर विरुद्ध काही सिद्ध होईपर्यंत किंवा कायदेशीर नवीन नोंद होईपर्यंत. म्हणजे नाव असलं तर तुमची बाजू वरचढ धरून सुरुवात होते एवढंच. सुप्रीम कोर्टाने तर परत परत सांगितलंय की फेरफाराने, म्हणजे सातबाऱ्यावर नाव बदलल्याच्या नोंदीने, मालकी मिळत पण नाही आणि जात पण नाही, उदाहरणार्थ २०२१ चं जितेंद्र सिंग विरुद्ध मध्य प्रदेश राज्य. हे आपल्या धाकट्या वकिलाने, म्हणजे तात्यांच्या नातवाने सांगितलं, त्याला विचारा, तो पण मंडळाचा मेंबर आहे पण सभेला बोलावलेला दिसत नाही.

आता मजा बघा. घराखालचा सर्व्हे नंबर, मळ्यातला नंबर आणि पऱ्याच्या, म्हणजे ओढ्याच्या, कडेचा नंबर, या तिन्हींचा सातबारा काढून बघितलात का कुणी? महाभूलेख या सरकारी वेबसाइटवर फुकट दिसतो, सहीचा पाहिजे असेल तर १५ रुपयांत डाउनलोड होतो. त्यावर फक्त नानांच्या, म्हणजे चार भावांतल्या थोरल्याच्या, पोरांची नावं आहेत, म्हणजे आमची. ह्यांचं, थोरल्या दिरांचं आणि धाकट्या नणंदेचं. अध्यक्ष भाऊजी, तुमचं नाव त्यावर नाही. तात्या, अप्पा आणि भाई या बाकीच्या तिन्ही भावांच्या घरांतल्या कुणाचंच नाही. ठरावाप्रमाणे चाललं तर गणपतीनंतर तुम्ही तिन्ही घरं वाडीत भाडेकरू आणि कंपाऊंड मी घालायचं, तुमच्या पडवीतून. मला फायद्याचा ठराव आहे खरं तर, आणि तरीही मी तो मानत नाहीये, तेव्हा पुढचं जरा शांतपणे वाचा.

असं का झालं ते सांगते, कारण हे फक्त आपलं नाही, कोकणात दर तिसऱ्या घरी हेच. आपले आजोबा खोताचं, म्हणजे गावचा सारा वसूल करणाऱ्या जमीनदाराचं, कूळ, त्याची जमीन कसणारे. बाबासाहेबांनी १९३७ ला मुंबई विधिमंडळात खोती रद्द करायचं बिल आणलं, तेव्हा नाही झालं, कायदा आला १९४९ ला, आणि मग कूळ कायद्यात १ एप्रिल १९५७ च्या कृषक दिनाला कसणारा मालक झाला. तोवर आजोबा गेलेले, चार भाऊ एकत्र. किंमत चौघांनी मिळून भरली, कुणी मिलमधून पैसे पाठवले, कुणी नांगर धरला, पण नाव लागलं थोरल्याचं, नानांचं, आणि पुढे तीन अक्षरं, ए.कु.मॅ. म्हणजे एकत्र कुटुंब मॅनेजर. त्या तीन अक्षरांत बाकीचे तीन भाऊ बसलेले होते. पुढे सातबारे नवीन वहीत उतरवले गेले, कुणी उतरवले कधी उतरवले देवाला माहीत, त्यात ती अक्षरं गळली. मग नाना वारले, वारसनोंद घातली गेली, अर्थात नानांच्याच वारसांची, नोटीस चावडीवर लागली असेल, तुम्ही सगळे मुंबईत. फेरफार मंजूर. कुणी लबाडी केली नाही, कागद आपोआप तिकडे सरकत गेला.

म्हणून जुने उतारे लागतात. आजचा सातबारा हे शेवटचं पान आहे, मागची सगळी पानं तहसीलच्या रेकॉर्ड रूममध्ये. हस्तलिखित सातबारे, त्यावर गोलात लिहिलेले फेरफाराचे नंबर, त्या प्रत्येक नंबराची नमुना ६ ची, म्हणजे फेरफार वहीची, नक्कल, असं मागे मागे जात १९५७ च्या पलीकडे पोचायचं. मी हे काढायला घेतलंय. ए.कु.मॅ. लिहिलेला उतारा मिळालाय, शिक्क्याची नक्कल आहे, मागेल त्याला झेरॉक्स देईन. ३२म चं प्रमाणपत्र, म्हणजे कूळ कायद्याने किंमत पूर्ण भरल्याचा जो खरा मालकीचा कागद, तो मात्र मूळ कुणाच्या तरी ट्रंकेत मुंबईत आहे असं सासूबाई म्हणायच्या. तो शोधा! डोंबिवलीच्या माळ्यावर असेल नाहीतर अप्पांच्या जुन्या खोलीच्या कपाटात, पण शोधा, कारण तो कागद दहा सातबाऱ्यांच्या वरचा आहे.

मालकी कशाने सिद्ध होते हे कुणी विचारलं तर माझं उत्तर असं की जमीन तुमच्याकडे आली कशी ते दाखवा. विकत आली तर नोंदवलेलं खरेदीखत आणि त्याची इंडेक्स टू, म्हणजे नोंदणी ऑफिसचा गोषवारा, वाटणीने आली तर वाटणीपत्र किंवा कोर्टाचा हुकूमनामा, कूळ म्हणून आली तर ३२म, वारसाने आली तर ज्याच्याकडून आली त्याचा कागद आणि तुमचं नातं. घरपट्टीची पावती दाखवून जमीन माझी म्हणणारे पण आहेत आपल्यात. ग्रामपंचायतीचा असेसमेंट उतारा हा घराचा कर कोण भरतो ते सांगतो, घराखालच्या मातीबद्दल तो काही बोलत नाही. लाइटबिल तर त्याहून नाही. ताबा दाखवायला हे सगळं उपयोगी पडतं, ठेवा जपून, पण ताबा वेगळा आणि मालकी वेगळी.

ताब्यावरून आठवलं. ग्रुपवर एकाने लिहिलंय, आणि मला ते लागलं म्हणून इथेच उत्तर देते, की गावात राहणारे बारा वर्षं कसतात आणि मग जमीन त्यांचीच होते, म्हणून घाई करा. बारा वर्षांचं कलम आहे, लिमिटेशन ॲक्ट १९६३ मध्ये, पण ते परक्याविरुद्ध, आणि ते पण उघडपणे मालकाचा हक्क नाकारून ताबा ठेवला तर. सामाईक जमिनीत एका हिस्सेदाराचा ताबा हा सगळ्यांचा ताबा धरतात. मी मळ्यात भात लावते, काजू गोळा करते, कलमांना खत घालते, म्हणून मळा माझा होत नाही, तुम्हाला हिस्सा नाकारून हाकलून दिलं आणि तुम्हाला ते माहीत असून तुम्ही बारा वर्षं गप्प बसलात असं सिद्ध करावं लागेल. मी तर दर वर्षी मे महिन्यात आंब्याची पेटी पाठवते. पेटी घेऊन कुणी हाकललं म्हणेल का?

आता हद्द. मालकी कुणाची आणि ती जमीन नक्की कुठून कुठपर्यंत, हे दोन वेगवेगळे प्रश्न, दोन वेगळी ऑफिसं, आणि ठरावात दोन्हीचं खिचडं केलंय. सातबारा क्षेत्र सांगतो, आकार म्हणजे सारा किती ते सांगतो, पण जमीन कुठे आहे ते सांगतच नाही. ते सांगतात भूमी अभिलेखचे कागद, ज्याला आपण अजून टीएलआर ऑफिस म्हणतो. तिथे जुन्या मोजणीचं टिपण असतं, त्या नंबराचं हाताने काढलेलं चित्र, साखळीची मापं घातलेलं. साखळी ३३ फुटांची, तिचे १६ आणे, आणि ३३ गुणिले ३३ म्हणजे १०८९ चौरस फूट म्हणजे एक गुंठा, शाळेत शिकवत नाहीत पण गाव सगळा यावर उभा आहे. टिपणाच्या जोडीला गुणाकार बुक, त्यात क्षेत्र कसं काढलं त्याची आकडेमोड, पोटहिस्से पाडले असतील तर फाळणी, म्हणजे त्यांचा नकाशा, आणि आकारफोड, म्हणजे क्षेत्र-साऱ्याची विभागणी, आणि नंतर क्षेत्रात फरक पडला असेल तर कमी-जास्त पत्रक, म्हणजे कजाप. भांडण हद्दीचं असेल तर या नकला आधी काढायच्या, वकिलाकडे नंतर जायचं.

मोबाईलच्या नकाशावर जी पिवळी रेघ दिसते ती कुणीतरी गावनकाशावरून उचलून फोटोवर ठेवलेली आहे, बघायला छान, पण तिच्यावर चिरा लावायचा नाही. आणि आंब्याच्या सावलीत उभं राहिल्यावर मोबाईलचा ठिपका कुठे कुठे फिरतो ते तुम्हीच बघितलंय मागच्या मे महिन्यात, पोरं त्याच्यामागे धावत होती. आपल्या वरच्या खाचरांची रुंदी काही ठिकाणी तेवढीच आहे जेवढा तो ठिपका सरकतो. सरकारी सर्व्हेअर आता रोव्हर नावाचं जीपीएसचं यंत्र घेऊन येतात, ते यंत्र सेंटिमीटरमध्ये सांगतं, पण ते सुद्धा तुम्ही आत्ता उभे आहात ती जागा कुठे ते सांगतं, जुनी हद्द कुठे ते त्याला स्वप्नात येत नाही. जुनं टिपण जमिनीवर बसवायला कायमच्या खुणा लागतात, जुनी विहीर, हद्दीचा दगड, तिठ्यावरचा गडगा म्हणजे रचलेल्या दगडांचा बांध, आणि त्या खुणा दाखवायला माणूस लागतो.

तीच आपली अडचण आहे. माझ्या सासऱ्यांकडचं पऱ्याकडच्या नंबराचं खरेदीखत आहे, त्यात चतुःसीमा अशी: पूर्वेस फणस व त्यापलीकडे खालच्या वाडीची वहिवाट, दक्षिणेस पऱ्या, पश्चिमेस गडगा, उत्तरेस पायवाट. ३ जून २०२० ला निसर्ग चक्रीवादळ आलं, त्यात तो फणस गेला, दापोली-मंडणगडकडे कोण विसरेल तो दिवस, माडाच्या आणि पोफळीच्या बागाच्या बागा झोपल्या. फणसाचं खोड आम्हीच कापून हलवलं, घरावर येत होतं. पऱ्या दर मोठ्या पावसात थोडा सरकतो. गडग्याचे दगड कुणीतरी शौचालयाच्या पायाला नेले, कोणी ते मला माहीत आहे, लिहीत नाही. म्हणजे चार सीमांपैकी धड उरली एक पायवाट, आणि तीही आता ग्रामपंचायतीने काँक्रीटची करताना सरळ केली. कोर्टात दस्तातलं क्षेत्र आणि चतुःसीमा जुळले नाहीत तर साधारण चतुःसीमेला वजन देतात, पण सीमाच जागेवर नसली तर वजन कशाला द्यायचं?

फणस कुठे होता हे आज नक्की सांगणारी माणसं वाडीत तीन. त्यातल्या मोठ्या काकींना डोळ्यांनी कमी दिसतं पण त्या काठी टेकत जाऊन अजून दाखवतात, इथे, इथे पाय अडकायचा मुळाला. त्यांना मे महिन्यात, गवत नसताना, सर्व्हेअरसमोर उभं करायला पाहिजे. मंडळाने घाई करायची असेल तर ह्या गोष्टीची करावी.

मोजणी म्हणजे काय ते पण नीट समजून घ्या, कारण मोजणी झाली की जमीन मिळाली असा पण एक गैरसमज आहे. अर्ज करायचा, फी भरायची, लगतच्या कब्जेदारांना नोटिसा जातात, सर्व्हेअर येतो, टिपण बसवतो आणि खुणा दाखवतो, मग क प्रत, म्हणजे मोजणीचा नकाशा, मिळते. तिच्यावर कागदाप्रमाणे हद्द कुठे आणि प्रत्यक्ष वहिवाट कुठे ते दोन्ही दिसतं. दोन्हीत फरक निघाला तर तो फरक काढून टाकायचा अधिकार सर्व्हेअरला नाही. तो दाखवून जातो. समोरचा हटत नसेल तर दिवाणी कोर्ट, तिथे कोर्ट परत कमिशनर नेमून मोजणी करून घेऊ शकतं. मोजणी मान्य नसेल तर निमताना मोजणी मागता येते, वरचा अधिकारी परत मोजतो, तीही पटली नाही तर सुपर निमताना. हे सगळं आहे, पण नोटिसा सातबाऱ्यावरच्या नावाने जातात, आणि आपल्या लगतच्या नंबरांवर अर्धी नावं मेलेल्या माणसांची आहेत. सरकारने २०२५ मध्ये जिवंत सातबारा मोहीम काढली ती याचसाठी, मेलेल्यांची नावं कमी करून वारस लावायला. आपल्या वाडीतून किती जणांनी अर्ज दिले ते मी इथे लिहीत नाही, लाज वाटेल.

आणि समजा हे काही न करता तुम्ही कंपाऊंड घातलंतच. खालच्या वाडीवाले गप्प बसतील असं वाटतं का? स्पेसिफिक रिलीफ ॲक्टमध्ये कलम ६ आहे, ज्याचा ताबा कायदेशीर मार्गाशिवाय काढून घेतला तो सहा महिन्यांच्या आत दावा लावून ताबा परत मागू शकतो, आणि त्या दाव्यात मालक कोण हा प्रश्नच निघत नाही. म्हणजे जमीन तुमची असली तरी चिरे काढून घ्यायची पाळी तुमच्यावर. पायवाट अडवलीत तर मामलतदार कोर्ट, १९०६ चा कायदा आहे पण अजून चालतो, तहसीलदार येऊन अडथळा काढायला लावतो. या दोन गोष्टींत गेलेले पैसे मंडळ कुठल्या हेडखाली दाखवणार, उत्सव खर्च?

सड्याबद्दल, म्हणजे वरच्या कातळपठाराबद्दल, थोडं, कारण ठरावात शेवटी सभामंडप आणि पोरांना क्रिकेटचं ग्राउंड लिहिलंय. सड्यावरचा वरकस, म्हणजे हलक्या जमिनीचा, नंबर कब्जेदार म्हणून अजून खोताच्या घराण्याच्या नावावर आहे. आपलं नाव इतर हक्कात कूळ म्हणून. त्याची किंमत ठरवायची केस पुढे गेली का नाही याचा कागद सापडत नाहीये. आपण तिथे गुरं चारली, नाचणी-वरी केली, शिमग्याची होळी तिथेच लागते, सगळं खरं, पण ३२म हातात येईपर्यंत तिथे मंडळाचा स्लॅब टाकू नका. आणखी एक, त्याच नंबरात कातळाकडच्या काजूंची नोंद इतर हक्कात भाईंच्या घरच्यांच्या नावाने आहे, जमीन एकाची झाडं दुसऱ्याची, आपल्याकडे नवीन नाही हे, फक्त जेसीबीवाल्याला आधी सांगावं लागतं.

आता जे लिहायला मला जड जातं ते. आपल्यातल्या एका घराने आपला अविभक्त हिस्सा विकायची बोलणी केली आहेत असं कानावर आलंय. एजंट गावात फिरतोय, गाडीला बाहेरची नंबरप्लेट. रस्ता रुंद होणार, किनाऱ्याकडे हॉटेलं येणार, म्हणून भाव चढलेत हे खरं आहे. अविभक्त हिस्सा विकता येतो, कायद्याने बंदी नाही, पण घेणाऱ्याला मिळतो तो हिस्सा, अमुक एक तुकडा नाही. तो तुमच्याकडून चार आण्यांचा हिस्सा घेईल आणि रस्त्याकडेचा तुकडा कुंपण घालून बसेल, आणि मग वाटणीचा दावा आमच्यावर. राहत्या घराच्या बाबतीत कायदा जरा आपल्या बाजूने आहे, एकत्र कुटुंबाच्या घरात परक्याला येऊन बसायचा हक्क मिळत नाही, आणि त्याने वाटणी मागितलीच तर १८९३ च्या पार्टिशन ॲक्टच्या कलम ४ ने घरातल्यांना तो हिस्सा किंमत देऊन घेता येतो. वारसाने आलेल्या हिश्श्यात सहवारसांना आधी घ्यायचा हक्क पण आहे, हिंदू वारसा कायद्याचं कलम २२. तेव्हा ज्यांना पैशांची गरज आहे, आणि गरज कुणालाही येते, मुंबईतली खोली, पोरांची शिक्षणं, आजारपण, त्यांनी आधी घरात विचारावं एवढंच म्हणणं आहे. महामार्गात ज्यांच्या जमिनी गेल्या त्यांना विचारा, सामाईक सातबाऱ्यावर पाच-पन्नास नावं म्हणून मोबदला वर्षानुवर्षं कसा अडकतो.

बहिणींचं कुणीच लिहिलेलं नाही. ठरावाला जोडलेल्या हिस्सेदारांच्या यादीत एकही मुलगी नाही. मुलींना मुलांसारखा हिस्सा द्यायला महाराष्ट्राने १९९४ लाच सुरुवात केली होती, मग हिंदू वारसा कायद्यात २००५ ची दुरुस्ती आली, आणि ११ ऑगस्ट २०२० ला सुप्रीम कोर्टाने विनीता शर्मा केसमध्ये सांगून टाकलं की ९ सप्टेंबर २००५ ला बाप जिवंत असो नसो, मुलीचा हक्क जन्माने आहे. तात्यांच्या घरात तीन मुलगे आणि एक मुलगी. मळ्याचा नंबर ३२ गुंठे, सोळा आण्यांत धरला तर आण्याला दोन गुंठे, तात्यांच्या घराला चार आणे म्हणजे आठ गुंठे, चौघांना दोन-दोन. तुम्ही धरलेत तिघांत आठ. ताई दहिसरला आहेत, त्यांना फोन केलात का? त्यांना नको असेल तर नोंदवलेलं हक्कसोडपत्र लागेल, भाऊबीजेला ओवाळणी घालून “तुला काय करायचंय गं जमीन” म्हटल्याने होत नाही. आणि पाहिजे असेल तर पाहिजे, दोन गुंठ्यांत त्यांचं एक घर बसतं. त्यांची सही नसलेली वाटणी कधीही मोडते, हे भावनेचं नाही, व्यवहाराचं सांगतेय.

मग करायचं काय. माझं म्हणणं असं आहे की गणपतीत सह्या आणि मे महिन्यात मोजणी. गणपतीत जमीन मोजायला घेणं म्हणजे शुद्ध वेडेपणा, भात पोटरीला आलेलं, खाचरात पाणी, गवत छातीला, दगड कुठला दिसणार. पण माणसं त्याच आठवड्यात सगळी एका जागी असतात, एरवी बोरिवलीवाले आले तर पनवेलवाले नाहीत. तेव्हा त्या आठवड्यात चारही घरांनी, मुलींसकट, बसून कोणी कुठली खाचरं, कुठली कलमं, कुठलं घर कसतो-वापरतो ते एका कागदावर लिहू, जुनं तोंडी वाटप आहेच आपल्याकडे, आजोबांच्या पोरांनी आपसात केलेलं, मळा इकडे भाटी तिकडे, ते फक्त कधी कागदावर आलं नाही. त्यावर सगळ्यांची संमती झाली तर तहसीलदारांकडे जमीन महसूल कायद्याच्या कलम ८५ खाली वाटणीचा अर्ज करता येतो. त्यात एकाने जरी मालकीचा वाद काढला तर तहसीलदार हात वर करतात आणि कोर्टात जा म्हणतात, म्हणून वाद आधी ओटीवर मिटवा. किंवा नोंदवलेलं वाटणीपत्र करा, शेतजमिनीच्या वाटणीपत्राची नोंदणी फी सरकारने २०२५ मध्ये माफ केलीय. ए.कु.मॅ. गळल्याची दुरुस्ती मात्र त्याच्या आधी. नुसती लिहिण्यातली चूक असेल तर कलम १५५ ने तहसीलदार करतात, वारसनोंदीलाच हात लावायचा तर प्रांतांकडे अपील, उशीर माफ करण्याच्या अर्जासकट. आमच्या घराकडून हरकत नाही असं आम्ही तिघं लिहून देतो, ह्यांच्याशी, थोरल्या दिरांशी आणि नणंदेशी बोलून मगच हे वाक्य लिहिलंय. मग पोटहिस्सा मोजणी, मग प्रत्येकाचा वेगळा सातबारा, आणि मग ज्याला चिरे लावायचेत त्याने लावावेत, मी नारळ देईन.

भेगा पाडणारे प्रश्न दोनच उरतात असं मला वाटतं. भाईंच्या घराने भरावातल्या सुपारीच्या बागेवर स्वतः केलेला खर्च कसा धरायचा, आणि पऱ्याकडची अर्धी विहीर कुणाकडे जायची. विहिरीचं माझं मत सामाईक ठेवावी असं आहे, पंपाचं बिल वाटून. बागेचं मत माझ्याकडे नाही, भाईंची सून आणि तुम्ही बोला.

कागद आणायचे ते आत्ताच शोधायला घ्या: ३२म चं मूळ, किंमत भरल्याच्या पावत्या, जुनी खरेदीखतं, आजोबांच्या आणि नंतरच्या सगळ्यांच्या मृत्यूचे दाखले, आणि नानांनी मुंबईला पाठवलेली पत्रं असतील तर ती पण, त्यात “मळ्याचा चौघांचा सारा भरला” असं ते लिहायचे, एकत्र कुटुंबाचा त्याहून चांगला पुरावा मिळणार नाही. तीस वर्षांपेक्षा जुना कागद योग्य घरातून निघाला तर कोर्ट त्याला मान देतं, म्हणून ओरिजिनल लॅमिनेशन करू नका कृपा करून, फोटो काढून ठेवा.

मोजणीचा आणि ८५ चा अर्ज मी आणि आपला वकील मिळून तयार करून ठेवतो, फी चार घरांत सारखी. गौरी विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी आमच्या ओटीवर सगळे या, चहा-पोहे आमच्याकडे. मुलींना आणि नणंदांना मी स्वतः फोन करते, त्यांचे नंबर ग्रुपवर नाहीत. ज्याला सही करायची नाही त्याने का नाही ते लिहून पाठवावं, तोंडी निरोप मी घेणार नाही.

तुमची,
गावातली वहिनी
(नानांचं घर)